खूर आणि क्षण

तापीकाठच्या सारंगखेड्याला दत्तजयंतीच्या सुमारास एकमुखी दत्ताची यात्रा भरते आणि तिच्यासोबत घोड्यांचा बाजार. तिथे उभ्या घोड्यावर सौदा ठरत नाही. दात पाहतात, भोवरे पाहतात, रंग पाहतात, पण शेवटी गिऱ्हाईक म्हणते, चालवून दाखवा. रेवाल चाल किती सुबक आहे, दुडकीत जनावर डुलते की हिसके देते, हे उभ्या घोड्याच्या अंगावर कुठेही लिहिलेले नसते. भरधाव सुटलेल्या घोड्याला मराठीने ‘चौखूर उधळला’ म्हटले. त्या चार खुरांचे नेमके काय होते, हे मात्र डोळ्याला कधीच पकडता आले नाही, आणि जगभरचे चित्रकार पुढचे पाय पुढे व मागचे पाय मागे ताणलेला, हवेत तरंगणारा घोडा बिनदिक्कत रंगवत राहिले. १८७८ च्या जूनमध्ये कॅलिफोर्नियातल्या पालो आल्टोला एडवर्ड मायब्रिज याने लेलँड स्टॅनफर्डच्या घोडीच्या वाटेवर ओळीने कॅमेरे मांडले. वाटेत आडवे ताणलेले धागे घोडीने तोडले की एकेका कॅमेऱ्याची झडप पडे. चित्रांनी निकाल दिला. धावताना चारही खूर जमिनीवरून सुटतात खरे, पण पाय ताणलेले असताना नव्हे, तर पोटाखाली गोळा झालेले असताना. एक वाद मिटला, आणि त्याच्या पोटातून त्याहून जुना वाद पुन्हा वर आला. प्रत्येक चित्रात घोडी थांबलेली आहे. मग ती धावली कुठे?

प्रवचनांतून या प्रश्नाला एक ठरलेले उत्तर मिळते. सिनेमाची फिल्म म्हणजे थांबलेल्या चित्रांची माळ, हलणे हा केवळ भास, आणि जगाचेही तसेच. या दृष्टान्ताला आपल्याकडे तयार जमीन होती. दासबोधात समर्थ रामदासांनी चंचळ आणि निश्चळ ही जोडी इतक्या वेळा फिरवून सांगितली आहे की मराठी मनात ‘हलते ते माया, न हलते ते ब्रह्म’ हे समीकरण पक्के बसले. समर्थ संप्रदायाची जुनी बाडे शंकर श्रीकृष्ण देवांनी गावोगाव हिंडून जमवली आणि धुळ्याच्या समर्थ वाग्देवता मंदिरात ठेवली. या प्रश्नाची एक मोठी शिदोरी खानदेशातच आहे म्हणायची. पण समर्थांनी सिनेमा पाहिला नव्हता. सिनेमाचा दाखला त्यांच्या विचाराला मागाहून जोडला गेला, आणि तो जोड कच्चा आहे. गती पकडण्याचे सुरुवातीचे प्रयोग नीट पाहिले तर ते उलटी साक्ष देतात. त्या प्रयोगांत गती तयार करावी लागली नाही. तयार करावे लागले ते स्थैर्य, आणि तेही मोठ्या खटपटीने.

छायाचित्रकलेच्या पहिल्या वर्षांतच याचा पुरावा आहे. १८३८ मध्ये दागेर याने पॅरिसच्या एका गजबजलेल्या रस्त्याचे चित्र घेतले. रस्त्यावर गाड्या होत्या, माणसे होती, पण चित्रात रस्ता ओस पडलेला दिसतो. काच उघडी ठेवण्याचा काळ मिनिटांत मोजावा लागे, आणि तेवढ्या काळात जे जे हलले ते पुसले गेले. उरला एक माणूस, बूट पुसून घेण्यासाठी पाय पुढे करून उभा राहिलेला. म्हणजे कॅमेऱ्याची मूळ सवय चंचळ टाकून निश्चळ ठेवण्याची. ही सवय मोडायला चाळीस वर्षे लागली. मायब्रिजने आपल्या चित्रांच्या कार्डावर छापले होते की प्रत्येक चित्राला सेकंदाच्या दोन हजाराव्या भागाहून कमी वेळ लागला आणि घोडी मैलाला १०० सेकंद या वेगाने धावत होती. हिशेब करून पाहावा. त्या वेगाने एका सेकंदात सोळा मीटर, म्हणजे सेकंदाच्या दोन हजाराव्या भागात आठ मिलिमीटर. आठ मिलिमीटर ही फसवण्याजोगी लहान लांबी आहे, शून्य नाही. जी घोडी आपल्याला थांबलेली दिसते ती त्या चित्रातसुद्धा पाऊण सेंटिमीटरभर सरकलेली असू शकते. आपला डोळा तेवढे सोडून देतो, एवढेच. दोन लाखावा भाग घ्या, वीस लाखावा घ्या, लांबी आटत जाईल, आणि झडप उघडते तोवर शून्य होणार नाही. ती उघडलीच नाही तर चित्रच नाही. थांबलेला क्षण म्हणून जो आपल्याला दाखवला जातो तो जगात सापडलेला नाही, जगातून कातरून काढलेला आहे, आणि कातरीच्या पात्यालाही जाडी असते.

इथे बौद्ध पक्ष उभा राहील, आणि त्याला उभे राहण्याचा अधिकार आहे. जळगावला उतरून ज्या लेण्यांकडे लोक जातात त्या अजिंठ्याची उत्तरकालीन लेणी पाचव्या शतकात वाकाटक हरिषेणाच्या काळी कोरली गेली. त्याच सुमाराच्या बौद्ध विचारात, चौथ्या-पाचव्या शतकातल्या वसुबंधूच्या अभिधर्मकोशात, गती सरळ नाकारलेली आहे. जे जे घडवलेले आहे ते क्षणिक. जिथे उपजते तिथेच विझते. एका जागेवरून दुसऱ्या जागी जायला ते उरतच नाही. मग आपल्याला जाणे दिसते ते कसे? गवताला लागलेला वणवा पुढे सरकताना दिसतो तसे. ज्वाला चालत जात नाही. शेजारच्या काडीवर नवी ज्वाला उपजते. नागार्जुनाने तर गतीला त्याआधीच अडचणीत पकडले होते. चालून झालेल्या वाटेवर चालणे नाही, अजून न चाललेल्या वाटेवरही नाही, आणि या दोहोंखेरीज तिसरी वाट दाखवता येत नाही. ग्रीकांच्या झेनोने बाणाविषयी हेच विचारले होते. सिनेमा पाहून कोणालाही वाटावे की वसुबंधूचे म्हणणे अखेर पॅरिसमध्ये १८९५ च्या डिसेंबरात ल्युमिएर बंधूंनी यंत्रावर सिद्ध करून दाखवले, आणि पुढच्याच वर्षी, ७ जुलै १८९६ ला, मुंबईच्या वॉटसन हॉटेलात तिकीट लावून.

पण वणव्याचा दाखला आणि फिल्मचा दाखला एक नाही, आणि सगळी गोम या फरकात आहे. वणव्यात पहिली काडी दुसरीला पेटवते. बौद्धांचा क्षण विझताना पुढच्या क्षणाला जन्म देतो. प्रतीत्यसमुत्पाद म्हणतात तो हाच. फिल्मवरचे बारावे चित्र तेराव्याला काहीच देत नाही. मधून कातरून टाका, तेरावे जिथल्या तिथे आहे. उलटी फिरवा, घोडी मागे धावेल आणि एकाही चौकटीची तक्रार नसेल. या मुक्या चौकटींना पुढे नेण्यासाठी बाहेरून कोणीतरी दांडा फिरवावा लागतो. लुई ल्युमिएरला फिल्म ओढण्याची युक्ती सुचली ती शिलाई मशीन कापड थांबवत-सरकवत पुढे नेते त्यावरून, असे सांगतात. ती युक्ती तत्त्वज्ञानाच्या दृष्टीने फार बोलकी आहे. फिल्म सरकते तेव्हा झडप प्रकाश अडवते, आणि फिल्म थांबते तेव्हा झडप उघडते. म्हणजे या खेळात एक अगदी खरी, दातेरी चाकांची, खडखडणारी गती चालू असते, आणि ती आपल्यापासून अंधारात लपवली जाते. उजेडात येते ते फक्त थांबलेले. पाहणाऱ्याचा बराचसा वेळ काळोखात जातो आणि त्याला पत्ता नसतो. गती हा भास असे शिकवण्यासाठी याहून गैरसोयीचे यंत्र शोधून सापडणार नाही. जगाला बाहेरून दांडा फिरवणारा कोणी नाही असे बौद्ध स्वतःच म्हणतात. मग त्यांच्या क्षणांच्या अंगीच पुढच्या क्षणाकडे जाण्याचा कल असला पाहिजे. आणि तसा कल असलेल्या क्षणाला स्थिर चित्र म्हणता येत नाही. माझ्या मते वसुबंधूचा पक्ष सिनेमामुळे बळकट होत नाही. सिनेमाच्या कुबडीशिवाय तो जास्त ताठ उभा राहतो.

अजिंठ्याच्या चित्रकारांनी तरी क्षण कुठे कापले? दहाव्या लेण्यातले षड्दंत जातक घ्या किंवा सतराव्यातल्या कथा घ्या. तोच राजा, तोच हत्ती एकाच भिंतीवर पुन्हा पुन्हा येतो, आणि मध्ये चौकटीची रेघ नाही. पुष्कळ ठिकाणी प्रसंगांची मांडणी काळाच्या क्रमाने नाही, जागेच्या क्रमाने आहे: अरण्यात घडलेले सारे एकीकडे, राजवाड्यातले दुसरीकडे. अजिंठ्याला भारताचा पहिला सिनेमा म्हणण्याची एक हौस आहे. ती सोडलेली बरी. सिनेमात पाहणारा बसतो आणि चित्र हलते. लेण्यात चित्र बसते आणि पाहणारा दिवा घेऊन हिंडतो. गती त्याच्या पायांनी आणलेली असते.

क्षणात गती असते का, या प्रश्नाला सर्वांत नेटके उत्तर देणारा ग्रंथ ज्या गावी शिकवला गेला ते गाव जळगाव जिल्ह्यातच आहे. चाळीसगावजवळ डोंगराच्या पायथ्याशी पाटण आहे. तिथल्या शिलालेखात शके ११२८, म्हणजे १२०७ मधला एक दानलेख आहे. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून मठ स्थापला, आणि निकुंभ घराण्यातल्या राजाने त्याला दान दिले. एकोणिसाव्या शतकात हा लेख अभ्यासकांपुढे आणला डॉ. भाऊ दाजी लाड यांनी, ज्यांचे बंधू नारायण दाजी मुंबईतल्या पहिल्या पिढीच्या छायाचित्रकारांपैकी. भास्कराचार्यांचे मूळ गाव कोणते यावर वाद आहे, तो इथे उकरण्याचे कारण नाही. ११५० च्या सिद्धान्तशिरोमणीत त्यांनी ग्रहाच्या गतीचे दोन प्रकार वेगळे काढले. आज सूर्योदयाला चंद्र कुठे होता, उद्या कुठे असेल, यांतले अंतर ही स्थूल गती. पण चंद्र दिवसाला साधारण १२ ते १५ अंश चालतो आणि त्याचा वेग घडोघडी बदलतो. तिथी कधी संपते हे काढताना स्थूल गती दगा देते. तेव्हा त्या वेळची, त्या क्षणाची गती हवी. तिला त्यांनी तात्कालिकी गती म्हटले आणि ती काढण्याची रीत दिली. तिथी चुकली तर व्रत चुकेल, ग्रहणाचे स्नान चुकेल. इतक्या रोकड्या धार्मिक गरजेतून हा विचार निघाला, हेही लक्षात घ्यावे.

तात्कालिकी गती म्हणजे काय, हे झेनोने ऐकायला हवे होते. एका क्षणी चंद्र किती अंतर कापतो असा प्रश्न भास्कराचार्य विचारत नाहीत. उत्तर शून्य येईल हे त्यांना ठाऊक आहे. त्या क्षणाच्या अगदी लगतच्या मागच्या-पुढच्या स्थितींशी त्याचे नाते काय, हे ते ज्या-कोटिज्येच्या हिशेबाने काढतात. म्हणजे क्षणात गती असते, पण चौकटीत रंग असतो तशी नव्हे, शेजाऱ्यांमुळे असते. एखादी बाई कोणाची तरी आत्या आहे हे तिच्या एकटीच्या छायाचित्रात दिसणार नाही, म्हणून ती आत्या नाही असे कोणी म्हणत नाही. चित्रातल्या घोडीत धावणे सापडत नाही याचा अर्थ इतकाच की चित्र एकटे आहे. कोणी म्हणेल की ही नुसती आकडेमोड झाली. गणिताला सोयीचे ते जगात असतेच असे नाही. ठीक. पण मग तोच नियम स्थिर क्षणालाही लावावा. जाडी नसलेला क्षण हाही गणितानेच दिलेला आहे. तो कोणत्याही काचेवर आजवर उमटलेला नाही. दोन्ही आकडेमोडीच असतील तर एकीला सत्य आणि दुसरीला भास म्हणण्याचे कारण उरत नाही.

यापेक्षा अवघड आक्षेप डोळ्याचा आहे. समजा जगात गती खरी आहे; पडद्यावरची तर खोटी आहे ना? तिथे काहीच हलत नाही आणि तरी आपल्याला हलताना दिसते, म्हणजे दिसणे हा गतीचा पुरावा नव्हे. हे मान्य केले पाहिजे. १९१२ मध्ये माक्स वेर्टहायमर याने दाखवले की दोन रेघा सेकंदाच्या साधारण सोळाव्या भागाच्या अंतराने एकीमागून एक दाखवल्या तर माणसाला एकच रेघ सरकताना दिसते. पण डोळा दुसऱ्या बाजूनेही चुकतो, आणि हे आपल्याकडे फार आधी ठाऊक होते. पेटते कोलीत गरगर फिरवले की आगीचे कडे दिसते. हे अलातचक्र बौद्धांनी वापरले आणि गौडपादांनी माण्डूक्यकारिकेच्या चौथ्या प्रकरणाला त्याचेच नाव दिले. तिथे हलते आहे कोलीत, आणि दिसते आहे एक थांबलेले वर्तुळ. सिनेमात थांबलेल्यातून हलते दिसते, अलातचक्रात हलत्यातून थांबलेले. डोळ्याच्या चुकीवरून गतीला मिथ्या ठरवायचे असेल तर त्याच चुकीवरून स्थैर्यालाही मिथ्या ठरवावे लागेल. ही दुधारी सुरी आहे. चाळीसगावच्या केकी मूस यांनी (त्यांचा जन्मही १९१२ चाच) रेल्वे स्टेशनालगतच्या आपल्या घरात बसून, घरातलेच किरकोळ सामान टेबलावर रचून देखावे उभे केले आणि त्यांची छायाचित्रे घेतली. पाहणाऱ्याला ती खऱ्याखुऱ्या निसर्गाची वाटत. तिथे तर काहीही हलत नव्हते. डोळा फसायला गतीच लागते असे नाही.

आणि फसलेला डोळा दर वेळी खोटेच सांगतो असेही नाही. दादासाहेब फाळके विलायतेहून कॅमेरा घेऊन आले ते १९१२ मध्येच. पैसेवाल्यांना ही कला काय करू शकते ते पटावे म्हणून त्यांनी एक छोटा चित्रपट केला, ‘अंकुराची वाढ’. कुंडीत वाटाणे पेरले आणि साधारण महिनाभर रोज थोडे थोडे चित्रण करत गेले. पडद्यावर बी फुटले, कोंब वर आला, वेल झाला, सारे बघता बघता. यात डोळ्याला जे दिसले ते वेर्टहायमरच्या हिशेबाने शंभर टक्के भास. पण वाटाणा खरोखरच वाढला होता. डोळ्याला जी गती उघड्यावर कधीच दिसली नसती ती या भासाने दाखवली, आणि खरी दाखवली. १९१७ च्या ‘लंकादहना’त त्याच यंत्राने मारुती उडवला, आणि अण्णा साळुंके या एकाच नटाला राम आणि सीता दोन्ही केले. तिथे डोळ्याला दिसले तसे कॅमेऱ्यासमोर घडले नव्हते. दोन्ही चित्रपटांच्या चौकटी सारख्याच थांबलेल्या, दांडा सारखाच, पडदाही तसाच. एक खरे बोलतो आणि एक कथा सांगतो. हा फरक यंत्राच्या पोटात शोधून सापडत नाही, तो काचेपुढे काय होते त्यात आहे. प्रमाणशास्त्राच्या भाषेत सिनेमा साक्षीदाराच्या जागी बसतो. साक्षीदार अडखळत, तुकड्यातुकड्याने बोलतो म्हणून घटनाच घडली नाही असा निवाडा कोणतेही न्यायासन देणार नाही.

राहिला अद्वैत्यांचा शेवटचा जबाब. ते म्हणतील, तुम्ही दृष्टान्त फार ताणलात. दृष्टान्त एकदेशी असतो. रमण महर्षी पडद्याचा दाखला देत, तो इतक्याचसाठी की पडद्यावरची आग पडद्याला जाळत नाही आणि पूर त्याला भिजवत नाही. फिल्म कशी फिरते याच्याशी त्याला कर्तव्य नाही. हे म्हणणे रास्त आहे आणि त्याला माझे उत्तर नाही, कारण ते गतीविषयी नाहीच. अधिष्ठान अलिप्त असते, एवढेच त्यातून निघते. त्यावरून ‘म्हणून चंचळ खोटे’ अशी उडी मारली जाते तिथे मात्र थांबवले पाहिजे. पडदा न जळण्याशी चौकटी थांबलेल्या असण्याचा काडीचा संबंध नाही. वाग्देवता मंदिरात ज्या ग्रंथाच्या पोथ्या जपल्या आहेत त्या दासबोधात ‘चंचळ नदी’ नावाचा एक समास आहे. माया ही वाहती नदी आहे, असे समर्थ तिथे सांगतात, आणि साधकाला सांगतात ते काम नदी गोठवण्याचे नाही, तिचे तुकडे पाडून प्रत्येक तुकडा कोरडा आहे असे दाखवण्याचेही नाही. प्रवाहाच्या उलट पोहत उगमापर्यंत जायचे आहे. पाणी वाहते आहे हे धरूनच ती शिकवण उभी आहे, आणि उलट पोहणे हे निश्चळ बसणे नव्हे. उगमाशी पोचल्यावर नदीचे काय होते, हा समर्थांचा प्रश्न. मायब्रिजच्या कॅमेऱ्यांना तो विचारण्यात अर्थ नाही. त्यांना विचारले होते ते खुरांचे, आणि ते त्यांनी सांगितले.